शेवटच्या तोड्याचा हिरवा टोमॅटो



काल प्लॉटचा शेवटचा तोडा केला. लाल माल निघाला तीन क्रेट. झाडावर हिरवा राहिला तो अंदाजे बारा-तेरा क्रेट. खालून करपा वर चढत आलाय, पानं वाळली, फळं उघडी पडली. पिकायला अजून पंधरा दिवस तरी लागतील. तेवढ्यासाठी दोन फवारण्या आणि पाणी द्यायचं का, हे गणित मी बांधावर बसून मांडत होतो. गणित जुळत नव्हतं. व्यापाऱ्याला फोन केला तर तो म्हणाला, "लाल झाल्यावर आणा भाऊ, हिरव्याला गिऱ्हाईक नाही."

संध्याकाळी पुतण्याला हे सांगितलं, तर त्यानं मोबाइलवर एक व्हिडिओ दाखवला. एक अमेरिकन बाई हिरव्या टोमॅटोच्या चकत्या पिठात घोळवून तळत होती. बाहेरून कुरकुरीत, आतून आंबट. ती म्हणत होती, हा आमच्या दक्षिणेचा जुना परंपरागत पदार्थ, पणजीच्या काळापासूनचा. पुतण्या म्हणाला, "बघा काका, तिकडं हिरव्यालाच मान आहे."

मला प्रश्न पडला तो वेगळाच. शेतकऱ्याच्या घरात उगीच कुणी हिरवं फळ तोडत नाही. जे चार दिवसांनी लाल होणार, गोड लागणार, विकलं जाणार, ते हिरवं कापायचं तर त्यामागं काहीतरी अडचण असणार. ती अडचण कोणती? मग रात्री हेच वाचत बसलो. इंग्रजी जिथं अडलं तिथं पुतण्यानं वाचून सांगितलं. जे हाती लागलं ते आज लिहितो. पोस्ट लांब आहे, सवडीनं वाचा.

आधी टोमॅटोचं मूळ. हे पीक दक्षिण अमेरिकेतल्या अँडीज डोंगराच्या पट्ट्यातलं. तिथल्या रानटी जातींची फळं बोराएवढी. पुढे मेक्सिकोत त्याची शेती वाढली. तिथल्या नाव्हात्ल भाषेतल्या 'तोमात्ल' शब्दावरून टोमॅटो हे नाव आलं. स्पॅनिश लोकांनी १५२१ मध्ये मेक्सिको जिंकला आणि त्यानंतर बी युरोपात गेलं. १५४४ साली मात्तिओली नावाच्या इटालियन वैद्यानं त्याबद्दल लिहून ठेवलंय. म्हणजे युरोपच्या कागदावर येऊन या फळाला पावणेपाचशे वर्षं झाली. आपल्याकडं ते पोर्तुगीजांबरोबर आलं असं मानतात, पण घराघरात शिरलं ते फार उशिरा, इंग्रजांच्या काळात. आमच्याकडची जुनी माणसं 'टमाटं' म्हणतात, विदर्भात 'भेदरं' म्हणतात, बंगालात तर 'विलायती वांगं' या अर्थाचं नाव आहे. ते नाव चुकीचं नाही. वांगं, मिरची, बटाटा, टोमॅटो, सगळी एकाच कुळातली भावंडं. रोगही म्हणूनच एकमेकांचे लागतात.

अमेरिकेत इंग्रज वस्तीवाल्यांनी हे फळ खाणं हळूहळू सुरू केलं. तिकडं एक गोष्ट फार सांगतात. १८२० साली न्यू जर्सीतल्या सेलम गावी रॉबर्ट गिबन जॉन्सन नावाच्या गृहस्थानं कोर्टाच्या पायरीवर उभं राहून सगळ्या गावासमोर टोमॅटो खाल्ला. लोक म्हणाले आता हा मरतो, पण तो मेला नाही, आणि तेव्हापासून टोमॅटो खाण्यात आला. गोष्ट झकास आहे. पण अभ्यासकांनी शोधलं तेव्हा त्या काळातला तिचा पुरावा काही मिळाला नाही. गोष्ट नंतर रचली गेली आणि फुगत गेली. जेफरसन, जे अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष होते, त्यांच्या व्हर्जिनियातल्या बागेच्या नोंदींत १८०९ पासून टोमॅटो आहे. आणि १८२४ साली मेरी रँडॉल्फ या बाईंनी 'द व्हर्जिनिया हाउसवाइफ' हे स्वयंपाकाचं पुस्तक छापलं, त्यात टोमॅटोचे कितीतरी पदार्थ आहेत. भेंडी-टोमॅटोची भाजीसुद्धा आहे. भेंडी तिकडं गुलाम करून नेलेल्या आफ्रिकन माणसांबरोबर गेली. म्हणजे दक्षिण अमेरिकन संस्थानांत टोमॅटो चांगला रुळलेला होता. ही जॉन्सनची गोष्ट एवढ्यासाठी सांगितली की ती लक्षात ठेवा, पुढे कामाला येईल.

आता हिरव्या टोमॅटोकडं येऊ.

अमेरिकेच्या उत्तरेकडच्या भागात, ओहायो वगैरे राज्यांत, टोमॅटोचा हंगाम आखूड. हिवाळ्यात तिथं जमीन गोठते. मे महिन्यात रोप लावायचं, जुलैअखेर-ऑगस्टला फळ सुरू होणार, आणि ऑक्टोबर उजाडला की पहिलं हिमदव कधीही पडणार. आपल्याकडं निफाडला थंडीत पारा तीन-चार अंशांवर उतरतो तेव्हा द्राक्षवाले रात्री शेकोट्या करतात, पाणी सोडतात. तिकडं तर शून्याच्या खाली जातो. टोमॅटोच्या फळात पाणीच जास्त. ते गोठलं की पेशी फुटतात, सकाळी उन्हात फळ काचेसारखं दिसतं आणि दोन दिवसांत लिबलिबीत होऊन सडतं. त्यात टोमॅटोचं झाड असं की ते मरेपर्यंत फुलं-फळं धरत राहतं. त्यामुळं ज्या रात्री हिमदव पडणार त्या रात्री झाडावर लालापेक्षा हिरवाच माल जास्त. माझ्या कालच्या प्लॉटसारखा.

म्हणजे अडचण सापडली. आभाळ निरभ्र, वारा पडलेला, गारठा वाढतोय, अशा संध्याकाळी घरातली सगळी माणसं टोपल्या घेऊन रानात जायची आणि दिसेल ते हिरवं फळ खुडून आणायची. त्यातलं जून फळ कागदात गुंडाळून तळघरात ठेवायचं, ते महिनाभरात पिकायचं. काही जण अख्खं झाडच उपटून तळघरात उलटं टांगायचे. बाकीच्याचं लोणचं घालायचं, मुरंबा करायचा, पाय नावाच्या त्यांच्या गोड पदार्थात भरायचं. आणि रोजच्या न्याहारीला चकत्या करून तव्यावर तळायच्या. गव्हाचं पीठ नाहीतर पावाचा चुरा लावायचा, लोण्यात नाहीतर डुकराच्या चरबीत तळायच्या.

टोमॅटोची लागवड याच काळात तिकडं वाढत होती. ओहायोतल्या रेनॉल्ड्सबर्गचे अलेक्झांडर लिव्हिंग्स्टन यांनी १८७० मध्ये 'पॅरागॉन' ही जात आणली. त्याआधीची फळं वेडीवाकडी, कोचे पडलेली असायची. ही गोल, गुळगुळीत, एकसारखी. शेतकऱ्यानं आणि डबाबंद करणाऱ्या कारखान्यांनी ती उचलली. गोल फळाची चकती चांगली पडते हे तुम्हाला सांगायला नको. त्याच दशकात तिकडच्या उत्तरेतल्या आणि मध्य-पश्चिमेतल्या स्वयंपाकाच्या पुस्तकांत आणि वर्तमानपत्रांत तळलेल्या हिरव्या टोमॅटोच्या कृती छापून यायला लागल्या.

हे मी मनानं सांगत नाही. दक्षिण कॅरोलिनातले रॉबर्ट मॉस म्हणून खाद्य-इतिहासाचे लेखक आहेत. ते स्वतः दक्षिणेतले. त्यांनी २००७ मध्ये हा विषय खणला. जुनी पुस्तकं, जुनी वर्तमानपत्रं पाहिली. त्यांना वाटलं होतं, आपल्या दक्षिणेत ढीगभर पुरावा मिळेल. मिळाला तो उत्तरेत. ओहायोकडच्या घरगुती पुस्तकांत, युरोपातून आलेल्या ज्यू कुटुंबांसाठी छापलेल्या पाकपुस्तकांत, आणि पुढे विसाव्या शतकात गृहशास्त्र शिकवणाऱ्या बाईंच्या सदरांत. दक्षिणेतल्या जुन्या पुस्तकांत हा पदार्थ जवळपास नव्हताच.

मग तो दक्षिणेचा कसा झाला? एका सिनेमानं.

अलाबामा राज्यात बर्मिंगहॅम शहराजवळ आयर्नडेल नावाचं गाव आहे. तिथं रेल्वे रुळाच्या कडेला एक साधी खानावळ. १९३२ मध्ये ती बेस फोर्टनबेरी या बाईंनी विकत घेतली आणि कितीतरी वर्षं चालवली. फॅनी फ्लॅग या लेखिकेच्या त्या चुलत आजी लागायच्या. त्या खानावळीवरून फ्लॅगबाईंनी कादंबरी लिहिली, 'फ्राइड ग्रीन टोमॅटोज ॲट द व्हिसल स्टॉप कॅफे', साल १९८७. मंदीच्या काळातलं छोटं गाव, खानावळ चालवणाऱ्या दोन मैत्रिणी, दारात आलेल्या भुकेल्याला, मग तो काळा असो की गोरा, जेवायला घालणारी घरं, अशी ती कथा. पुस्तकाच्या शेवटी पदार्थांच्या कृतीही आहेत. १९९१ मध्ये त्यावर सिनेमा निघाला, कॅथी बेट्स आणि जेसिका टँडी त्यात होत्या. सिनेमा चालला, ऑस्करची दोन नामांकनं मिळाली.

सिनेमाचं चित्रीकरण जॉर्जिया राज्यातल्या ज्युलिएट नावाच्या ओस पडत चाललेल्या गावात झालं. तिथल्या जुन्या इमारतीत सिनेमासाठी खानावळ उभी केली होती. सिनेमा गाजल्यावर तिथं खरीच खानावळ सुरू झाली. माणसं लांबून येऊन हिरवा टोमॅटो मागायला लागली. मग दक्षिणेतल्या लहान-मोठ्या हॉटेलांनी तो पदार्थ पाटीवर लिहिला. वर मक्याचा भरडा लावायचा, कारण मका हे दक्षिणेचं रोजचं धान्य. वीस वर्षांत अशी परिस्थिती झाली की नव्या पिढीला तो पणजीच्या काळापासूनचा वाटायला लागला.

आता इथं मला कुणाला खोटं पाडायचं नाही. दक्षिणेतल्या एखाद्या आजीनं हिरव्या टोमॅटोची चकती तव्यावर टाकलीच नसेल असं कोण म्हणेल? हिरवं फळ उरलं की कुठलीही बाई तेच करणार. पण ज्या उत्तरेतल्या शेतकरी घरांनी हिमदवाच्या भीतीनं रात्री कंदिलाच्या उजेडात टोपल्या भरल्या, त्यांचं नाव गेलं. पदार्थ राहिला, अडचण विसरली. जॉन्सनच्या पायरीसारखंच झालं. गोष्ट जितकी देखणी, तितकी टिकते. जुन्या पुस्तकाचं पिवळं पान कोण बघतो?

आता करायचं कसं ते. काल आमच्या घरी केले, दोनदा बिघडले, तिसऱ्यांदा जमले. त्यामुळं जे सांगतोय ते अनुभवाचं आहे.

फळ जून हिरवं घ्या. ओळख अशी की फळ आडवं कापलं की आतला गर चिकट झालेला असतो आणि बी सुरीखालून निसटतं. सुरीनं बी चिरलं जात असेल तर फळ कोवळं आहे, ते नको. कोवळ्या फळात आणि पाला-देठात टोमॅटिन नावाचं कडू द्रव्य जास्त असतं. फळ जून होत जातं तसं ते कमी होतं. पाला तर कुणीच खाऊ नये. गुलाबी झाक आलेलंही नको, त्याला पाणी सुटतं. आमचा पहिला घाणा तिथंच बिघडला.

चकती पाव इंचाची. पातळ केली तर आत काही उरत नाही, जाड केली तर बाहेर करपते आणि आत कच्ची. चकत्यांना मीठ लावून पंधरा-वीस मिनिटं ताटात ठेवा. पाणी सुटेल. ते स्वच्छ फडक्यानं टिपून घ्या. हे टाळलं की ते पाणी तेलात वाफ होतं आणि वरचं आवरण सुटतं. दुसरा घाणा असा बिघडला.

मग तीन ताटल्या. पहिल्या ताटलीत कोरडं गव्हाचं पीठ किंवा मैदा. दुसऱ्या ताटलीत फेटलेलं अंडं. आमच्या घरात आई अंडं खात नाही, म्हणून तिच्यासाठी घट्ट ताक घेतलं, तेही चालतं. तिसरीत मक्याचा भरडा, त्यात मीठ, तिखट, मिरपूड. कोरडं पीठ चकतीचा ओलावा धरतं, अंडं त्या पिठाला चिकटतं, भरडा अंड्याला चिकटतो. एक पायरी गाळली की सगळं तेलात.

एक सांभाळा. दुकानात कॉर्नफ्लोअर म्हणून जी पांढरी भुकटी मिळते ती मक्याचा स्टार्च. ती वेगळी. इथं लागतो तो मका जात्यावर किंवा गिरणीत रव्यासारखा जाड दळलेला. नसेल तर आपला बारीक रवा घ्या. कोकणात मासे तळताना रवा लावतात, तोच हिशोब.

तेल चांगलं तापलं पाहिजे. भरड्याचा कण टाकला की लगेच फसफसून वर यावा. कढईत गर्दी करू नका, एका वेळी चार-पाच चकत्या. गर्दी केली की तेल थंड होतं आणि चकती तेल पिते. दोन्ही बाजू तीन-तीन मिनिटं, सोनेरी झाल्या की काढा. काढल्यावर कागदावर एकावर एक रचू नका, खालून वाफ धरते आणि मऊ पडतात. जाळीवर पसरा. गरम असतानाच खा. दहा मिनिटांनी ती मजा नाही.

आई पहिला घास खाऊन म्हणाली, "आंबट भजंच की रे हे." खरं आहे. भज्याचं पीठ भिजवलेलं, याचं कोरडं, एवढाच फरक.

पण मग तीच पुढे म्हणाली, "आम्ही हिरव्या टमाट्याची चटणी करायचो, त्याची कुणी पिच्चर काढली का?" आम्ही सगळे हसलो. रात्री मात्र ते वाक्य डोक्यातून जाईना.

आपल्याकडं हिरव्या टोमॅटोचं काय करतात? फोडी तेलात परतायच्या, हिरवी मिरची, लसूण, भाजलेले शेंगदाणे नाहीतर तीळ, मीठ, आणि खलबत्त्यात ठेचायचं. बाजरीच्या भाकरीबरोबर ही चटणी असली की भाजी लागत नाही. काही घरांत डाळ घालून भाजी करतात. हे सगळं घरात आहे, पण बाजारात नाही. हॉटेलच्या पाटीवर नाही. म्हणून आडतीत हिरव्याला गिऱ्हाईक नाही.

आणि आपला हिरवा माल हिमदवानं उरत नाही. तो उरतो भावानं. जुलै २०२३ आठवा. शहरात किरकोळ टोमॅटो शंभराच्या वर गेला, काही ठिकाणी दोनशेच्या. तेव्हा हिरवट फळसुद्धा कुणी झाडावर ठेवत नव्हतं, रात्री प्लॉटवर राखण होती. ऑगस्टमध्ये नेपाळहून माल आणला गेला, आणि सप्टेंबरात तोच टोमॅटो रस्त्याच्या कडेला ओतायची वेळ आली. झाड तेच, फळ तेच. तिकडच्या शेतकऱ्याला निदान आभाळाकडं बघून कळायचं की आज रात्री खुडायला पाहिजे. भावाचं हिमदव कधी पडणार ते आपल्याला कोण सांगणार?

मी असं म्हणत नाही की चकत्या तळल्या की टोमॅटोला भाव येईल. दोन किलोची भजी करून बारा क्रेट संपत नाहीत. पण तिकडं एक नाव पडलं, एक गोष्ट जोडली गेली, आणि जे फळ फेकायचं होतं ते मुद्दाम हिरवं असताना तोडून विकलं जाऊ लागलं. गोष्टीचा इतिहास कच्चा असेल, त्यातून झालेली विक्री खरी आहे. आपल्या चटणीचा इतिहास पक्का आहे, घरोघरी आज्या जिवंत आहेत, पण त्याला नाव नाही. हे मला खटकलं.

तर कालच्या मालाचं काय केलं ते सांगून थांबतो. चार क्रेट जून हिरवा निवडून ओट्यावर गोणपाटावर पसरला, वर कागद झाकले, मधे चार पिकलेली केळी ठेवली. केळ्यातून जो वायू निघतो त्यानं टोमॅटो लवकर पिकतो, घरापुरता आणि पाहुण्यांपुरता होईल. एक क्रेट महामार्गावरच्या ओळखीच्या ढाब्यावर दिलं, चटणी करून भाकरीबरोबर ठेवून बघ म्हणालो. पैसे घेतले नाहीत. दोन क्रेट वस्तीवर वाटलं. बाकीचा माल झाडावरच आहे. उद्या तार-बांबू सोडणार आणि परवा रोटर मारणार. करपा असलेला पाला आधी गोळा करून बाहेर काढणार, तो जमिनीत गाडायचा नाही.

ढाबेवाल्याचा आज दुपारी फोन आला होता. चटणी संपली म्हणतोय, अजून एक क्रेट पाठवा. यावेळी पैसे सांगणार आहे. किती सांगावे ते मलाच कळत नाही, कारण हिरव्या टोमॅटोचा भाव कुठल्याच फळ्यावर लिहिलेला मी आजवर पाहिलेला नाही.

तुमच्याकडं हिरव्या टोमॅटोचं काय करतात, त्याला घरात काय म्हणतात, ते खाली लिहा. आईला, आजीला विचारून लिहा. उशीर करू नका.